घरातलं भांडण पडद्यावर

‘दृश्यम’ हा मल्याळम सिनेमा हिंदीत आला तेव्हा त्यातल्या जॉर्जकुट्टीचा विजय साळगावकर झाला आणि केरळातल्या इडुक्कीच्या डोंगरातून तो थेट गोव्यात उतरला. आपल्या निशिकांत कामतने केलेला तो सिनेमा चांगला होता, मी आवडीने पाहिला. पुढे २०१३ सालचा जीतू जोसेफचा मूळ मल्याळम ‘दृश्यम’ पाहिला आणि जाणवलं, की कथा तीच असली तरी तिच्या अंगावरचं मांस वेगळं आहे. घरात घडलेला खून लपवायला हिंदीत साळगावकर कुटुंब पोलिसांना पणजीला सत्संगाला जाऊन आल्याचं सांगतं. मूळ सिनेमात जॉर्जकुट्टी बायकोमुलींना घेऊन तोडुपुळ्याला ध्यानाला गेल्याचं सांगतो. हे ध्यान म्हणजे केरळमधल्या कॅथलिक मंडळींचं प्रार्थना-शिबिर. प्रवचनं, गाणी, गर्दी, राहायची सोय. अशा घरातल्या माणसांनी दोन दिवस ध्यानाला जाणं इतकं साधं, की ते चटकन खोटं वाटूच शकत नाही. खोटं रचायचं तर आपल्या मातीतल्या खऱ्यातून रचावं लागतं, हे त्या चौथी नापास केबलवाल्याला पक्कं ठाऊक आहे.

इडुक्कीचा इतिहास थोडा वाचला की जॉर्जकुट्टी आणखी कळतो. विसाव्या शतकात मध्य त्रावणकोरातली शेतकरी कुटुंबं, त्यात सीरियन ख्रिश्चन (केरळातलाच जुना ख्रिस्ती समाज) पुष्कळ, हे डोंगर चढून गेली. जंगल तोडलं, हिवतापात माणसं गमावली, हत्तींशी झगडत मिरी, वेलची, कप्पा म्हणजे टॅपिओका लावला. त्यांच्या जमिनीचे कागद पक्के होईपर्यंत सरकार कधीही येऊन उठवेल ही धास्ती कायम होती. १९६१ मध्ये इडुक्की धरणासाठी अय्यप्पनकोविलमधून शेतकऱ्यांना खरंच हुसकावून लावलं, तेव्हा कम्युनिस्ट नेते ए. के. गोपालन तिथल्या अमरावतीत (ही अमरावती आपली नव्हे, कुमळीजवळची) उपोषणाला बसले होते. सिनेमात यातलं एक अक्षरही नाही. पण खाकी वर्दी दारात आली की त्या घरातली माणसं ज्या रीतीने एकमेकांच्या जवळ सरकतात, त्यात मला हा सगळा इतिहास दिसतो. गोव्यात आणलेल्या कुटुंबाला तो कुठून असणार?

मल्याळम सिनेमाचा हाच गुण मला सगळ्यात प्रिय आहे. तो तालुक्याच्या मापाने विचार करतो. ‘महेशिंटे प्रतिकारम’ मधला फोटोग्राफर महेश इडुक्कीतल्या एका लहानशा गावाचा आहे आणि भर चौकात मार खाल्ल्यावर सूड घेईपर्यंत पायात चप्पल घालायची नाही अशी शपथ घेतो. ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’ मलप्पुरमचा. तिथे फुटबॉल संघात सात-सात जण खेळतात, आफ्रिकेतून खेळाडू आणतात, आणि पाय मोडून पडलेल्या त्या परक्या पोराची शुश्रूषा करणाऱ्या दोन म्हाताऱ्या मुसलमान बायांची भाषा त्याला कळत नाही, माया मात्र कळते. लिजो जोस पेल्लिशेरीचा ‘ई.मा.यौ.’ चेल्लानमच्या किनाऱ्यावरच्या लॅटिन कॅथलिकांचा. बापाला थाटामाटात पुरायचं असं वचन मुलाने दिलेलं असतं, आणि बाप त्याच रात्री जातो. मग पाऊस, शवपेटीचा खर्च, शेजाऱ्यांची कुजबुज, पाद्र्याचा संशय. मधूनच त्या किनाऱ्यावरचं चविट्टुनाटकम, पोर्तुगीज काळात रुजलेलं पाय आपटत करायचं नाटक, मरणाच्या गोष्टीत मिसळून जातं. हे तिन्ही सिनेमे एकाच छोट्या राज्यातले आणि गेल्या दहा-बारा वर्षांतले. तिन्हींतली मल्याळम वेगळी आहे, हे भाषा न येणाऱ्या माझ्यासारखीच्याही कानाला कळतं. मालवणी किंवा वऱ्हाडी बोलणारं पात्र पडद्यावर आलं की आपलं प्रेक्षागृह हसायला तयार होऊन बसतं. तिकडे मलप्पुरमच्या बोलीत माणूस रडतोही, आणि कुणाला ते वावगं वाटत नाही.

पण नुसत्या बारकाव्यांसाठी मी हे सिनेमे पाहत नाही. नारळ, खाडी, होडी, पाऊस, जांभ्याच्या पायऱ्या हे माझ्या रत्नागिरीतही आहे. मला बांधून ठेवतं ते भांडण. हा सिनेमा आपल्याच प्रदेशाशी, आपल्याच घराशी भांडतो. आणि हे भांडण पहिल्या दिवसापासूनचं आहे.

फाळक्यांना १९१३ मध्ये तारामतीच्या कामासाठी बाई मिळाली नाही म्हणून अण्णा साळुंक्यांना लुगडं नेसावं लागलं, ही हकिकत आपल्याकडे पोराटोरांनाही माहीत असते. केरळात बाई मिळाली. दंतवैद्य असलेल्या जे. सी. डॅनियलनी जमीन विकून ‘विगतकुमारन’ हा पहिला मल्याळम मूकपट काढला. तो १९२८ चा की १९३० चा, यावर तिथे अजून वाद आहे. त्याची नायिका पी. के. रोझी. पुलया या दलित जातीची, मोलमजुरी करणारी, काक्करिशी या लोकनाट्यातून कामं केलेली. पडद्यावर ती नायर घरातली मुलगी झाली, आणि तेच लोकांना सहन झालं नाही. तिरुवनंतपुरमच्या कॅपिटॉल थिएटरात पडद्यावर दगड आले. पुढे तिचं घर जाळलं. ती तामिळ मुलखात पळाली, दुसऱ्या नावाने संसार केला आणि तशीच गेली. डॅनियल कर्जात बुडाले, पुन्हा सिनेमा काढू शकले नाहीत. आज केरळ सरकारचा सिनेमातला सर्वोच्च पुरस्कार त्यांच्याच नावाने दिला जातो. त्या मूकपटाची प्रत मात्र उरलेली नाही.

मला रोझीची गोष्ट समजली तेव्हापासून मी कुठलाही मल्याळम सिनेमा तिच्याशिवाय पाहू शकत नाही. १९५४ चा ‘नीलक्कुयिल’ घ्या. उरूब यांची कथा, दिग्दर्शन पी. भास्करन आणि रामू करिआट यांचं. उच्च जातीचा मास्तर श्रीधरन, त्याच्यापासून दिवस गेलेली दलित नीली, तिला झिडकारणारा समाज, आणि तिच्या पोराला घरी आणणारा पोस्टमन. के. राघवन यांनी हिंदी-तमिळ चालींची नक्कल सोडून गावातल्या, माप्पिळा म्हणजे केरळी मुसलमानांच्या गाण्यांच्या चाली आणल्या. सिनेमाला राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालं. ज्या मुलखाने रोझीला हाकललं त्याच मुलखात, पाव शतकाच्या आसपास, थिएटरात बसून लोक नीलीसाठी रडले. नीलीचं काम दलित नटीकडे मात्र गेलं नाही. ते मिस कुमारीने केलं. हा पुढे गेलेला पाय आणि हा मागे राहिलेला पाय, दोन्ही मला एकाच वेळी दिसतात.

हा पाय पुढे गेला तो नुसत्या सिनेमाच्या बळावर नाही. श्री नारायण गुरू आणि अय्यनकाळी यांच्या जातिविरोधी चळवळींनी नांगरट आधीच केली होती. १९४५ मध्ये पी. एन. पणिक्कर यांनी गावोगावच्या वाचनालयांचा संघ उभा केला आणि खेड्यातल्या माणसाच्या हातात पुस्तक आलं. केपीएसी या डाव्या नाट्यसंस्थेची नाटकं शेतमजुरांसमोर झाली. तकळी, बशीर, एम. टी. वासुदेवन नायर हे लेखक नुसते वाचले गेले नाहीत, पडद्यावर आले. तकळींच्या कादंबरीवरचा ‘चेम्मीन’ १९६५ चा. सलील चौधरींचं संगीत, मन्ना डेंचा आवाज, हृषिकेश मुखर्जींचं संकलन, आणि विषय मात्र आलप्पुळ्याच्या बाजूच्या कोळ्यांचा. नवरा समुद्रात असताना बायकोने किनाऱ्यावर पावित्र्य राखलं तरच समुद्रदेवी त्याला परत आणते, ही समजूत. हा सिनेमा त्या समजुतीच्या मोहातही पडतो, मला ते खटकतं. नायिका करुत्तम्मेच्या गळ्याभोवती ती किती घट्ट आवळली आहे, ते मात्र तो लपवत नाही.

त्याच वर्षी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या अडूर गोपालकृष्णन यांनी मित्रांसोबत तिरुवनंतपुरममध्ये चित्रलेखा फिल्म सोसायटी सुरू केली. जॉन अब्राहम (हिंदीतला नट नव्हे, मल्याळम दिग्दर्शक), के. जी. जॉर्ज, शाजी करुण हेही प्रभातच्या त्याच आवारात शिकले. लॉ कॉलेज रस्त्यावरून जाताना मला याचा अभिमान वाटतो आणि हुरहुरही. आमच्या दारात शिकून गेलेल्यांनी तिकडे गावोगाव सिनेमा पाहणारी माणसं तयार केली. जॉन अब्राहमने तर १९८६ चा ‘अम्मा अरियान’ लोकांकडून वर्गणी गोळा करून काढला.

अडूरचा १९८१ चा ‘एलिप्पत्तायम’, म्हणजे उंदराचा सापळा, मी पुन्हा पुन्हा पाहते. एक जुना तरवाड, नायर घराण्याचा वाडा. उण्णी नावाचा कर्ता पुरुष आणि त्याच्या बहिणी. गोठ्यातलं, शेतातलं, घरातलं काहीही काम तो करत नाही. अंगणात गाय शिरते, झाडाला तोंड लावते. तो पडवीत बसून तिला नुसता ‘हड हड’ करतो, मग आतल्या बहिणीला हाक मारतो, राजम्मा. राजम्मा येते, गाय हाकलते, आत जाते. एकदा तो समारंभाला निघतो, वाटेत पाण्याचं डबकं लागतं. तो उभा राहतो, पाहतो, आणि पांढरंस्वच्छ मुंडू, म्हणजे कमरेची लुंगी, खराब होईल म्हणून घरी परततो. धाकटी बहीण सापळ्यात सापडलेले उंदीर तळ्यात नेऊन बुडवते. बस, सिनेमाभर असंच. पण राजम्माच्या पोटात दुखायला लागतं तेव्हा प्रेक्षकाला एकदम कळतं, की हे घर इतकी वर्षं कुणाच्या कमरेवर उभं होतं.

केरळात नायरांसारख्या समाजांत मातृवंशीय कुटुंबपद्धती होती, तरवाडाचा कारभार मामाच्या हातात असे. १ जानेवारी १९७० पासून जमीन कुळांच्या नावावर होऊ लागली, आणि १९७६ च्या शेवटी एकत्र कुटुंबाचा कायदाच संपला. उण्णी या दोन तारखांच्या पलीकडे जाऊ न शकलेला माणूस आहे. कोकणात कूळकायद्याने खोतांची घरं अशीच बसली. पडवीत आरामखुर्चीत बसून हाका मारणारे पुरुष मी लहानपणी पाहिले आहेत. त्या हाकांना ओ देणाऱ्या, लग्न राहून गेलेल्या आत्याही पाहिल्या आहेत. त्या आत्यांवर कुणी सिनेमा काढला नाही. अडूरने काढला तो गेलेल्या वैभवावर उसासे टाकण्यासाठी नाही. शेवटी गावातले लोक उण्णीला घरातून ओढत नेतात आणि ज्या तळ्यात उंदीर बुडवले त्याच तळ्यात फेकतात. अडूर स्वतः त्याच थरातून आलेले. आपल्याच घराबद्दल इतकं निर्दय खरं बोलायला फार जीव लागतो.

राजम्मापासून चाळीस वर्षं मोजली की आपण २०२१ च्या ‘द ग्रेट इंडियन किचन’ मध्ये पोचतो. जिओ बेबीचा हा सिनेमा आधी एका छोट्या मल्याळम ओटीटीवर आला आणि केरळातल्या घराघरात जेवणाच्या टेबलावर त्याचा वाद झाला. यात मारहाण नाही, आरडाओरडा नाही. सासरा गोड बोलतो. भात चुलीवरचाच हवा, कुकरचा नको. चटणी पाट्यावरची, मिक्सरची नको. कपडे मशीनमध्ये नको, फाटतात. नवरा समाजशास्त्राचा शिक्षक, वर्गात कुटुंबसंस्था शिकवतो. पुरुष आधी जेवतात, शेंगांचा चोथा ताटाबाहेर टेबलावरच टाकून उठतात, आणि त्याच टेबलावर, त्याच उष्ट्यात मग बायका बसतात. सिंकचा पाइप गळतो. नवऱ्याला प्लंबर बोलवायला सांगितलं जातं, पुन्हा सांगितलं जातं. तोवर ती घाण पाणी बादलीत झेलते, त्यात हात घालते, हात हुंगते. रात्री नवरा जवळ येतो तेव्हाही तिच्या नाकात तोच वास. कॅमेरा त्या सिंककडे इतक्या वेळा वळतो, की आपलाही जीव नकोसा होतो. मग पाळी येते, वेगळी खोली, वेगळी चटई. बाहेर शबरीमलाच्या देवळात सगळ्या वयाच्या बायकांना जाऊ द्यायच्या निकालावरून रान पेटलेलं, आणि घरात नवरा-सासऱ्याने माळ घालून व्रत धरलेलं.

मी हा सिनेमा आईबरोबर पाहिला. सिंकच्या प्रसंगांना ती काही बोलली नाही. सासूबाई सासऱ्याच्या हातात ब्रश नेऊन देतात त्या ठिकाणी मात्र म्हणाली, “हे तुझ्या आजोबांचं झालं.” मग आमच्या घरातल्या मोरीतलं तपेलं, पंचा, दाताला लावायची राखुंडी, सगळ्याची उजळणी झाली. प्रत्येक वस्तू कुणी कुणाच्या हातात नेऊन द्यायची ते ठरलेलं. कावळा शिवला की आजी ओटीच्या टोकाला कशी बसायची, हे आईने मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा सांगितलं. केरळातल्या एका स्वयंपाकघराने आमच्या माजघराचं दार उघडलं. उलट हेही खरं, की तो सिनेमा ‘सगळ्या भारतासाठी’ बेतला असता तर हे झालं नसतं. त्यातलं खोबरं, त्यातलं व्रत, त्यातलं मुंडू त्या घराचंच होतं, म्हणून त्या घरातला अन्यायही आम्हाला ओळखू आला.

याच सिनेमाच्या मागे के. जी. जॉर्ज यांचा १९८४ चा ‘आदामिंटे वारियेल्लु’ उभा आहे. त्याच्या शेवटी सुधारगृहातल्या बायका दार तोडून बाहेर पळतात, वाटेत उभ्या असलेल्या दिग्दर्शकाला आणि कॅमेऱ्यालाही बाजूला ढकलून जातात. पुरुषाने काढलेल्या चौकटीत त्या मावत नाहीत, हे त्या दिग्दर्शकाने स्वतःच्या तोंडावर दाखवून घेतलं. मला तो आजही मल्याळम सिनेमातला सगळ्यात धाडसी शेवट वाटतो.

बाकी किती सांगू? आखातात गेलेला मुलगा नसेल असं गाव केरळात शोधावं लागेल, आणि त्याच्या पैशाने बांधलेली घरं, त्याची वाट पाहणारी बायको, परतल्यावर त्याने घेतलेली बस आणि तिच्या पायी आलेलं दिवाळं, सगळं पडद्यावर येऊन गेलंय. १९९१ च्या ‘संदेशम’ मध्ये दोन सख्खे भाऊ दोन पक्षांत विभागले जातात आणि घरात पोलंडवरून भांडतात. पक्षासाठी घरदार विसरणाऱ्या कार्यकर्त्यांची इतकी कडक चेष्टा करूनही तो सिनेमा डाव्या-उजव्या दोघांनी डोक्यावर घेतला. २०१८ च्या पुरात कोळ्यांनी आपल्या होड्या ट्रकवर चढवून बुडालेल्या गावांत नेल्या, पाच वर्षांत त्यावरही सिनेमा आला.

मात्र या सगळ्या कौतुकाच्या मध्ये एक गोष्ट मला बोलल्याशिवाय पुढे जाता येत नाही. पडद्यावर घराशी इतकं भांडणाऱ्या या सिनेमाने स्वतःच्या घरात किती वर्षं तोंड बंद ठेवलं! २०१७ मध्ये कोचीत एका अभिनेत्रीचं अपहरण करून तिच्यावर अत्याचार झाला. त्यानंतर काही जणींनी मिळून विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह उभं केलं, सरकारने न्यायमूर्ती हेमा समिती नेमली. समितीने २०१९ च्या शेवटच्या दिवशी अहवाल दिला. तो लोकांसमोर यायला ऑगस्ट २०२४ उजाडला, तोही काही भाग वगळून. सेटवर बायकांना शौचालय नाही, कपडे बदलायला जागा नाही, रात्री हॉटेलच्या दारावर थापा, हे सगळं त्यात आहे. ज्यांनी आवाज उठवला त्यांची कामं गेली. याच कलेक्टिव्हने २०१९ मध्ये सुरू केलेल्या फिल्म सोसायटीला पी. के. रोझीचं नाव दिलं. डॅनियलच्या नावाचा पुरस्कार सरकारने ठेवला. रोझीचं नाव जपायला या बायका पुढे याव्या लागल्या.

दोन वर्षांपूर्वीपासून माझ्या मनात एक सिनेमा घर करून आहे. पायल कपाडियाचा ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’, २०२४ मध्ये कान महोत्सवात ग्राँ प्री मिळालेला. मुंबईच्या एका रुग्णालयातल्या दोन मल्याळी नर्सेस, प्रभा आणि अनू, आणि तिथेच स्वयंपाकघरात काम करणारी पार्वती. पार्वती रत्नागिरीकडची. नवरा गिरणीत होता, तो गेल्यावर चाळीतल्या खोलीचे कागद तिच्याकडे नाहीत आणि बिल्डर तिला घराबाहेर काढतोय. छाया कदमने ती अशी केली आहे, की माझ्या ओळखीच्या निदान तीन बायका मला तिच्यात दिसल्या. शेवटी पार्वती गावी परतते आणि त्या दोघी तिला सोडायला येतात. एरवी कोकण म्हणजे पडद्यावर भूत, गजाली किंवा सुट्टीतली सहल. ‘पिकासो’ आणि ‘दशावतार’ सारख्या सिनेमांनी दशावतारी कलावंताची परवड दाखवली, त्यांचं मोल मी कमी करत नाही. पण मुंबईने पिळून परत पाठवलेली आमची बाई, तिच्या बंद घराचं कुलूप उघडताना, मला एका मल्याळम बोलणाऱ्या सिनेमात भेटली.

करमाळ्याने स्वतःशी भांडण मांडलं, नागराज मंजुळेने ते ‘सैराट’ मध्ये साऱ्या महाराष्ट्राला पाहायला लावलं. कोकणाकडे भांडायला कमी आहे का? शिमग्यात पालखी आधी कुणाच्या दारी, यावरून भावकीत फुटलेली डोकी आहेत. कलमांची राखण करायला नेपाळहून आलेली कुटुंबं आहेत, त्यांची पोरं आमच्या शाळेत मालवणी आणि संगमेश्वरी बोलतात. सात-बाऱ्यावर चौदा नावं आणि राहणारी एकटी म्हातारी, अशी घरं वाडीवाडीत आहेत. आणि गावकीने वाळीत टाकलेली माणसं आहेत. रायगड-रत्नागिरीतल्या अशा प्रकरणांचा गाजावाजा झाला, २०१६ मध्ये महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा केला. तरी त्या घरातल्या मुलीच्या लग्नाला मांडव घालायला कोण येतं, कोण येत नाही, आणि न येणाऱ्यांतली कोणती बाई रात्री मागच्या दाराने नारळ-तांदूळ देऊन जाते, हे माझ्या तालुक्यातल्या प्रत्येकाला माहीत आहे. चेल्लानमच्या माणसांनी आपलं मरण दाखवलं, तसं हे लग्न संगमेश्वरीत बोलणारा, कुणाला न हसवणारा सिनेमा मला पाहायचा आहे, आणि तो बघायला मी आईला घेऊन जाणार आहे.